‘एवढा मोठा नट आणि असली कामं?’ – एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

मूळचा स्वीडिश नट मॅक्स फॉन सिडो याच्यावरच्या माझ्या लेखाची तुम्ही चांगलीच झाडाझडती घेतलीत, म्हणून उत्तरही जरा ऐसपैस देतो. तुमचं म्हणणं असं : सिडो शेवटपर्यंत स्वीडिश नागरिक होता हे मी चुकीचं लिहिलं, स्वीडनमधल्या माल्मो शहरातल्या त्याच्या नाटकांचं उगाच पाल्हाळ लावलं, आणि दिग्दर्शक इंगमार बर्गमनपासून दूर गेल्यावर त्याने पैशासाठी वाट्टेल त्या भूमिका घेतल्या, ते मात्र पोटात घातलं.

पहिला आक्षेप बिनशर्त मान्य. 2002 मध्ये त्याने फ्रेंच नागरिकत्व घेतलं होतं, आणि 8 मार्च 2020 ला तो गेला तोही फ्रान्समध्येच. लेखात दुरुस्ती केली आहे.

माल्मोबद्दल मात्र मी हटणार नाही. तुमच्या तिसऱ्या आक्षेपाचं उत्तर तिथेच आहे.

1957 हे एकच साल घ्या. फेब्रुवारीत बर्गमनचा ‘द सेव्हन्थ सील’ हा सिनेमा आला. मृत्यूसमोर बुद्धिबळाचा पट मांडून बसलेला तो सरदार साकारणारा सिडो तेव्हा जेमतेम 27 वर्षांचा. मार्चमध्ये माल्मोच्या रंगमंचावर तो इब्सेनचा पेअर गिंट, डिसेंबरात मोलिएरचा आल्सेस्त. त्याच डिसेंबरात बर्गमनचाच ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’ लागला, आणि त्यात हा कोण? पेट्रोल पंपवाला! म्हाताऱ्या डॉक्टर बोर्गच्या गाडीत पेट्रोल भरतो, पैसे घ्यायला साफ नकार देतो, होणाऱ्या बाळाला तुमचंच नाव ठेवतो म्हणतो. दोन-चार मिनिटांत काम संपलं. पण डॉक्टरला आयुष्यात कुणीतरी मनापासून मानत होतं, हे आपल्याला त्या पंपावरच कळतं.

बर्गमनची तेव्हाची पद्धतच तशी होती. हिवाळाभर माल्मोत नाटकं आणि उन्हाळ्यात बरीचशी तीच मंडळी घेऊन सिनेमा. आज राजा, उद्या भालदार. स्टॉकहोमच्या द्रामातेन या राष्ट्रीय नाट्यगृहाच्या शाळेतून बाहेर पडल्यावर सिडोने आधी नॉरशॉपिंग आणि हेलसिंगबोर्गच्या नाटक कंपन्यांत हेच केलं होतं. भूमिकेची लांबी मोजायची सवय अशा माणसाला लागणार कुठून?

‘फ्लॅश गॉर्डन’ या अंतराळपटातला खलनायक सम्राट मिंग पैशासाठी केला असेलही. नटाला काय घर नसतं? (उलट 1965 चा त्याचा येशू ख्रिस्त, तोही केवढ्या थाटामाटाच्या सिनेमात, मला कंटाळवाणाच वाटतो.) पण ‘द एक्झॉर्सिस्ट’ला तुम्ही त्याच माळेत ओवलंत, ते पटलं नाही. त्यात तो म्हातारा पाद्री झालाय, पण तो सिनेमा आला तेव्हा सिडो 44 वर्षांचा होता. सुरकुत्या डिक स्मिथच्या रंगभूषेच्या, कबूल. पण इराकमधल्या उत्खननाच्या प्रसंगात औषधाची गोळी तोंडाशी नेताना थरथरणारा हात? ती रंगभूषा नव्हे. थकलेलं शरीर शेवटच्या रांगेपर्यंत दिसलं पाहिजे, ही नाटकवाल्याची शिस्त आहे ती. कित्येकांना तो तेव्हाच सत्तरीचा वाटला.

तुमच्या प्रतिक्रियेत ‘पेले द कॉन्करर’चा उल्लेखच नाही, म्हणजे बहुधा तो पाहायचा राहिलाय. 1987 चा, बिले आउगुस्टचा. सिडोला ऑस्करचं पहिलं नामांकन याच कामासाठी मिळालं. त्याने रंगवलेला लासे हा स्वीडनच्या स्कोने प्रांतातला विधुर, पोटासाठी पेले या लहान मुलाला घेऊन डेन्मार्कच्या बोर्नहोम बेटावर राबायला आलेला. सिडोचं लुंद हे गावही त्याच स्कोनेतलं. मळ्यावरचा एक उर्मट पोरगा पेलेला फटके मारतो, त्याची अब्रू काढतो. ‘आत्ता बघतो त्याच्याकडे’ म्हणत लासे तावातावाने निघतो, आणि करत काहीच नाही. मृत्यूला पटावर बसवणारा तोच उंचापुरा देह इथे खांदे पाडून परत येतो, आणि बापाकडे आशेने बघणाऱ्या पोराची नजर चुकवतो.

एवढा प्रसंग बघा, मग पुन्हा भांडू.