‘फक्त दोर ओढले’: एका प्रतिक्रियेला उत्तर

स. न. वि. वि.

जपानमधील मत्स्यशेती आणि शिंपलाशेतीवरच्या माझ्या लेखाखाली आपण लिहिलेली प्रतिक्रिया वाचून चार दिवस झाले. त्याच दिवशी उत्तर लिहिले असते तर ते प्रसिद्ध करण्याच्या लायकीचे राहिले नसते, म्हणून थांबलो. ज्यांनी ती प्रतिक्रिया पाहिली नसेल त्यांच्यासाठी तिचा गोषवारा देतो. आपले म्हणणे असे की, माझा लेख म्हणजे जपानची आरती आहे. मोत्यांची शेती करणारे जपानी उद्योजक मिकिमोतो यांनी १८९३ साली गोल मोती पिकवला हे विधान साफ चुकीचे आहे. एक किलो हमाची (पिंजऱ्यांत पाळला जाणारा ‘यलोटेल’ मासा) वाढवण्यासाठी समुद्रातले किती किलो लहान मासे खाऊ घालावे लागतात याचा हिशेब मी शिताफीने टाळला आहे. आणि शेवटी, ‘मच्छीमारांनी घडवलेला उद्योग’ हे माझे शब्द उचलून आपण लिहिता, ‘हा उद्योग प्रयोगशाळेत जन्मला. मच्छीमारांनी फक्त दोर ओढले. पण दिवाणखान्यात बसून समुद्रावर लिहिणाऱ्यांना हे कोण सांगणार?’

मोत्याची चूक आधी कबूल करतो. ११ जुलै १८९३ रोजी तोबाजवळच्या बेटावर मिकिमोतो दांपत्याने शिंपली उघडली तेव्हा आत सापडलेला मोती शिंपल्याला चिकटलेला, अर्धगोल होता. पूर्ण गोल मोत्याचे तंत्र १९०७ च्या सुमारास तोकिची निशिकावा आणि तात्सुहेइ मिसे या दोघांनी वेगवेगळे शोधले. मी ‘अर्धगोल’ऐवजी ‘गोल’ लिहिले, ही चूक माझी आणि ती दाखवल्याबद्दल आभार. मात्र जाता जाता एक सांगतो. निशिकावा शास्त्रज्ञ होते हे खरे, पण मिसे हे पेशाने सुतार होते आणि खुद्द मिकिमोतो उदोन, म्हणजे जाड शेवयांचे दुकान चालवणाऱ्याचे चिरंजीव. मोत्याचा धंदा जर प्रयोगशाळेतच जन्मला असेल, तर रंधा आणि शेवयांचे पातेले त्या प्रयोगशाळेत नेमके कोणत्या फळीवर ठेवलेले होते, ते आपण सांगावे.

आता दिवाणखान्याविषयी. मतभेदाला माझी हरकत नाही. हरकत आहे ती समोरच्याची ओळख स्वतःच ठरवून त्या कल्पित माणसाला झोडपण्याच्या सवयीला. माझे वडील मालवण तालुक्यात रापणीवर होते. रापण म्हणजे काय हे आपल्याला ठाऊक असेलच, पण बहुधा ताटातल्या माशापासून मागे मोजत गेल्यावर. होडीतून अर्धवर्तुळात जाळे सोडले जाते, त्याची दोन्ही टोके किनाऱ्यावर येतात आणि दोन रांगा ते ओढू लागतात. दोन्ही बाजू सारख्या गतीने आल्या पाहिजेत. एक बाजू पुढे गेली की जाळ्याचे तोंड वाकडे होते आणि मासा त्या बाजूने निसटतो. खालचा दोर वाळू सोडून वर उचलला गेला की मासा खालून जातो. वडील ओढताना हातांकडे पाहत नसत. पाण्याकडे पाहत असत, आणि दोर हाताला कसा लागतो यावरून खाली प्रवाह कोणत्या दिशेला आहे ते सांगत. मी बारा-तेरा वर्षांचा असताना त्या रांगेत शेवटी उभा राहून ओढले आहे आणि रात्री तळहातांना खोबरेल लावून झोपलो आहे. तेव्हा ‘दोर ओढले’ हे शब्द मला चालतात. ‘फक्त’ चालत नाही.

आणि जपानही मी फक्त नकाशावर पाहिलेला नाही. नोकरीच्या निमित्ताने तीन वर्षे हिरोशिमात होतो. एका थंडीत ओळखीच्या घरामुळे कालवे, म्हणजे ऑयस्टर, फोडण्याच्या शेडमध्ये जायला मिळाले. पत्र्याखाली बायकांची रांग, समोर कालवांचे ढीग, हातात आखूड बोथट सुरी. त्यातली एक आजी कालव उचलायची, शिंपल्याची कड बोटाने चाचपायची, सुरी एकाच ठिकाणी घुसवायची आणि आतला स्नायू कापून गर बादलीत टाकायची; एवढे होईपर्यंत माझी नजर सुरीच्या टोकापर्यंतसुद्धा पोहोचलेली नसे. मला तिने एक कालव फोडायला दिले. मी शिंपल्याचा चुरा केला आणि गर फाडला. ती हसली नाही, फक्त तो गर बाजूच्या वेगळ्या भांड्यात टाकला. दिवाणखान्यात एवढे शिकता येत नाही, साहेब.

आता आपल्या त्या वाक्याकडे येतो, कारण बाकी सारे त्याच्याभोवती फिरते. हिरोशिमाच्या उपसागरात कालवांची शेती एदो काळापासून (सतरावे ते एकोणिसावे शतक) चालत आली आहे. भरती-ओहोटीच्या पट्ट्यात बांबू आणि झाडांच्या फांद्या रोवायच्या, त्यांवर कालवांची पिल्ले बसू द्यायची आणि मोठी झाल्यावर काढायची. तयार माल घेऊन होड्या ओसाकापर्यंत जात, तिथल्या पुलांखाली नांगर टाकून कालवे विकत आणि शिजवूनही खाऊ घालत. त्या काळी कोणते विद्यापीठ होते? तराफ्यावरून तारा सोडून कालवे खोल पाण्यात लोंबती वाढवण्याची पद्धत १९२० च्या दशकात पुढे आली, तिच्यामागे संशोधकांचे प्रयोग होते हे मी लेखातच लिहिले होते. पण पिल्ले बसवण्यासाठी स्कॅलपचे रिकामे शिंपले भोके पाडून तारेत ओवायचे, पिल्ले बसल्यावर ती माळ उथळ पाण्यातल्या मांडवावर ठेवून ओहोटीला उघडी पडू द्यायची आणि या खडतर बालपणातून जी तगतील तीच तराफ्यावर न्यायची, हे सारे दर मोसमात भरती-ओहोटीचे वेळापत्रक पाळून ज्यांनी केले त्यांना आपण हमाल समजता काय?

उत्तरेकडच्या मुत्सू उपसागराचे उदाहरण तर मला लेखात नीट मांडताच आले नव्हते, म्हणून इथे मांडतो. स्कॅलप हा पंख्याच्या आकाराच्या शिंपल्यातला जीव. त्याचे सूक्ष्म बीज पाण्यात तरंगत असते आणि मग कशाला तरी धाग्याने चिकटते. लोक पाण्यात देवदारासारख्या दिसणाऱ्या ‘सुगी’ नावाच्या जपानी झाडाच्या डहाळ्या सोडत; बीज त्यांवर भरघोस बसे, पण पिल्लू नखाएवढे होताच आपला धागा सोडून तळाला जाई आणि ती सारी मेहनत फुकट जात असे. १९६० च्या दशकात तिथल्या एका मच्छीमाराने ही डहाळी कांद्याच्या जाळीदार पिशवीत घालून पाण्यात सोडली. बारीक बीज जाळीतून आत शिरले, आत चिकटले, वाढले, सुटले आणि पिशवीतच पडले, कारण आता त्याचे अंग जाळीच्या भोकापेक्षा मोठे झाले होते. एवढीच युक्ती. पुढे डहाळीच्या जागी नायलॉनची जाळी आली, पण बीज धरण्याचे तत्त्व तेच राहिले आणि त्यावर स्कॅलपचा अवाढव्य व्यवसाय उभा राहिला. कांद्याची पिशवी कोणत्याही प्रयोगशाळेच्या खरेदीच्या यादीत असेल असे मला वाटत नाही. (पुढे १९७० च्या दशकाच्या मध्यात याच उपसागरात दाटीवाटीने स्कॅलप वाढवल्यामुळे ते मोठ्या प्रमाणावर मेले. ती चूकही मच्छीमारांचीच होती. मी त्यांना देव्हाऱ्यात बसवलेले नाही.)

हमाचीचेही तसेच. शिकोकू बेटावरच्या हिकेता गावी, समुद्राला जोडलेल्या आदोइके या खाऱ्या पाण्याच्या तळ्यात वासाबुरो नोआमी या विशीतल्या तरुणाने १९२७-२८ मध्ये हमाची पाळून दाखवली. तो मत्स्यशाळेत शिकला होता, हे मला ठाऊक आहे. आपण ते पुढच्या प्रतिक्रियेत माझ्यावर फेकाल म्हणून आधीच सांगून ठेवतो. पण तो होता मासेमारीवर जगणाऱ्या घरातला, आणि पैसा बुडाला असता तर घरचाच बुडाला असता. समुद्रात जाळ्यांचे पिंजरे तरंगते ठेवण्याची पद्धत युद्धानंतर किंकी विद्यापीठाच्या तेरुओ हारादा यांनी रूढ केली, हे श्रेय त्यांचेच. मात्र त्या पिंजऱ्यांत सोडायची हमाचीची पिल्ले आजही मुख्यतः समुद्रातूनच, तरंगत्या शेवाळाच्या पुंजक्यांखालून धरून आणतात. आणि ती धरायला प्राध्यापक जात नाहीत.

प्रयोगशाळेचे ऋण मी नाकारले कुठे? मोतोसाकू फुजिनागा यांनी १९३३ साली आमाकुसा येथे कुरुमा कोळंबीची अंडी उबवली, तिच्या अळ्यांना एकपेशीय डायटम शैवाल खाऊ घालून पुढच्या अवस्थेत नेले, आणि पुढे सेतो या जपानच्या बेटांमधल्या समुद्राकाठच्या टाकून दिलेल्या मिठागरांत कोळंबीची शेती उभी केली, यावर लेखात दोन परिच्छेद आहेत. आज पालघर-रायगडच्या तलावांत वाढणाऱ्या कोळंबीच्या बीजोत्पादनाचे मूळ शोधत गेले तर ते त्याच कामापर्यंत पोहोचते. किंकी विद्यापीठाने १९७० मध्ये सुरू केलेले ब्लूफिन ट्यूनाचे काम २००२ मध्ये पूर्ण चक्रापर्यंत, म्हणजे पाळलेल्या माशाच्या अंड्यातून पुन्हा प्रजननक्षम मासा आणि त्याची पिल्ले इथपर्यंत पोहोचले, तेही मी लिहिले आहे. पण तिथेसुद्धा सुरुवातीला जाळ्यात सापडलेली ट्यूनाची पिल्ले त्वचा खरचटून मरत होती, आणि मच्छीमारांनी गळाने एकेक करून अलगद धरलेली जगली. हे वाक्य माझ्या लेखात आहे. आपण तिथपर्यंत वाचलेत का, अशी शंका घेण्याचा अधिकार आता मला आहे.

आणखी एक नाव घेतो. ईशान्य जपानमधल्या केसेन्नुमाचे कालवे-शेतकरी शिगेआत्सू हाताकेयामा यांनी १९८९ पासून डोंगरावर रुंद पानांची झाडे लावायला सुरुवात केली, कारण उपसागरातल्या कालवांची तब्येत नदीच्या उगमाशी ठरते अशी त्यांची खात्री होती. जंगलातून समुद्रात जाणाऱ्या लोहाचे रसायनशास्त्र होक्काइदो विद्यापीठातल्या संशोधकांनी त्यांना समजावले, हे खरे. पण प्रश्न घेऊन त्यांच्या दारात गेला तो मच्छीमार. डोंगरावर खड्डे खणणे हेही आपल्या मते दोर ओढण्यातच जमा होत असावे.

उरलेल्या दोन मुद्द्यांना थोडक्यात उत्तर देतो. ‘आरती’बद्दल: १९७२ च्या उन्हाळ्यात सेतो समुद्राच्या हारिमा भागात शैवालांचा उद्रेक होऊन पाणी तांबडे झाले आणि पिंजऱ्यांतल्या सुमारे एक कोटी चाळीस लाख हमाची मेल्या, त्यानंतर १९७३ मध्ये सेतो समुद्राच्या रक्षणासाठी कायदा करावा लागला, हे मी लिहिले होते. एकाच वाक्यात लिहिले होते, हे मान्य. पण आरतीत असे वाक्य येत नाही. खाद्याच्या हिशेबाबद्दल: हमाचीला पूर्वी कच्चे सार्डिन आणि इतर लहान मासे घालत आणि किलोमागे कित्येक किलो लागत, आता गोळी खाद्य आले आहे, पण त्यातही मासळीची भुकटी असतेच. हा विषय मोठा आहे, माझ्या लेखाचा तो विषय नव्हता, आणि ज्या सुरात तो विचारला गेला त्या सुरात त्याचे उत्तर देण्याची माझी तयारी नाही. कधी सवड झाली तर स्वतंत्रपणे लिहीन.

लेखातील ‘गोल’ हा शब्द आज सकाळी बदलून ‘अर्धगोल’ केला आहे आणि खाली दुरुस्तीची तारीख दिली आहे. ‘मच्छीमारांनी घडवलेला उद्योग’ हे शब्द होते तसेच ठेवले आहेत.

आपला,
लेखक