रायडिंग मोवरला गाडीवरून ‘जंप’ देण्याचा तो संदेश: वाक्यागणिक उत्तर

पावसाळा सरला की गोव्यात हिरवळ राखणाऱ्या माणसांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांत एक संदेश फिरू लागतो. जून ते सप्टेंबर जमीन भिजलेली असते, बसून चालवायच्या जड मोवरची चाके तिच्यात रुततात, म्हणून त्या काळातले काम खांद्यावर अडकवायच्या ग्रास कटरवर भागवले जाते आणि मोवर शेडमध्ये पडून राहतो. पुढे हंगामासाठी हॉटेलांची आवारे आणि सामन्यांसाठी फुटबॉलची मैदाने तयार करण्याची घाई होते, चावी फिरवली जाते आणि यंत्रातून नुसताच ‘टक’ असा आवाज येतो. त्या वेळी दुसऱ्या गाडीच्या बॅटरीला केबलने जोडून यंत्र सुरू करण्याचा, म्हणजे ‘जंप’ देण्याचा, जो संदेश हाताशी येतो तो थोडक्यात असा आहे:

“मोवरची बॅटरी उतरली तर मेकॅनिकला पैसे देऊ नका. कोणतीही गाडी जवळ आणा, इंजिन चालू ठेवून रेस द्या. लाल चिमटा प्लसला, काळा मायनसला, काम झाले. ठिणगी उडाली तर घाबरू नका, करंट येत असल्याची ती खूण आहे. तरीही सेल्फ फिरला नाही तर स्क्रू ड्रायव्हरने सोलेनॉइडचे दोन नट जोडा. मोवर सुरू झाला की दहा मिनिटांत बॅटरी भरते. पाणी कमी असेल तर पावसाचे पाणी घाला, ते डिस्टिल्डच असते. एवढे करूनही न चालल्यास आतले पाणी ओतून बॅटरी भंगारात द्या.”

संदेश लिहिणाऱ्याचा हेतू वाईट असेल असे मला वाटत नाही. परंतु यातली दोन वाक्ये माणसाचे डोळे आणि पाय घालवू शकतात, आणि उरलेल्यांतली बरीचशी यंत्राचे नुकसान करणारी आहेत. यंत्र बहुतेक वेळा मालकाच्या नव्हे तर रोजंदारीवरच्या कामगाराच्या हाती असते आणि मोबाईलवर आलेले वाचून तोच चिमटे लावतो. त्यामुळे प्रत्येक वाक्याचे उत्तर दिले पाहिजे.

पहिले वाक्य बॅटरी उतरल्याचे गृहीत धरते. ‘टक’ आवाज येऊन सेल्फ, म्हणजे इंजिनाला पहिला फेरा देणारी मोटर, न फिरण्याचे कारण पुष्कळदा टर्मिनलवर, म्हणजे बॅटरीला वायर जोडतात त्या टोकांवर असते. किनाऱ्याजवळच्या खाऱ्या, दमट हवेत चार महिने उभ्या राहिलेल्या मोवरची सीट उचलून पाहावी. बोल्टाभोवती पांढरट-हिरवट खवल्यांचा थर चढलेला असतो, आणि तो थर सेल्फला लागणारा मोठा प्रवाह अडवतो. आधी मायनसची वायर व मग प्लसची वायर सोडवावी, खाण्याचा सोडा पाण्यात कालवून ब्रशने दोन्ही टोके घासावीत आणि ती पुसून कोरडी करावीत. हे द्रावण बॅटरीच्या झाकणांतून आत जाता कामा नये. पुन्हा जोडताना आधी प्लस व शेवटी मायनस घट्ट आवळावी आणि वर पेट्रोलियम जेली लावावी. एवढ्यावर यंत्र सुरू झाले तर दुसऱ्या गाडीची गरजच उरत नाही. चावी फिरवल्यावर काहीच आवाज येत नसेल तर फ्यूज पाहावा, पाते गुंतवण्याचा खटका बंद आहे ना, ब्रेकचे पेडल पूर्ण दाबले आहे ना आणि सीटवर माणूस बसला आहे ना हेही पाहावे, कारण यांतली एक अट अपुरी राहिली तरी मोवर सेल्फला वीज पोहोचू देत नाही. याउलट सेल्फ जोरात फिरत असेल आणि तरी इंजिन पेट घेत नसेल, तर दोष बॅटरीचा नव्हे. चार महिने टाकीत राहिलेल्या इथेनॉलमिश्रित पेट्रोलने ओलावा शोषला असण्याची शक्यता अधिक असते.

बॅटरी खरोखर उतरली आहे का, हे साधा मल्टिमीटर सांगतो. १२ व्होल्टच्या शिसे-आम्ल बॅटरीत सुमारे २.१ व्होल्टचे सहा सेल असतात. म्हणून पूर्ण भरलेली, काही तास विसावलेली बॅटरी १२.६ ते १२.७ व्होल्ट दाखवते, अर्धी भरलेली साधारण १२.२, आणि ११.९ च्या खाली ती जवळपास रिकामी असते. चार्जरवर रात्रभर ठेवूनही आकडा १०.५ च्या आसपासच अडकला, तर बहुधा एक सेल कायमचा गेला आहे आणि अशा बॅटरीला जंप देण्यात अर्थ नाही. फुगलेल्या, तडकलेल्या किंवा ओघळ आलेल्या बॅटरीला तर केबल लावूच नये.

“कोणतीही गाडी” हे शब्द मला विशेष खटकतात. खाणपट्ट्यातल्या गावांत अंगणाशेजारी टिप्पर उभा असणे ही नेहमीची गोष्ट आहे, आणि बहुतेक मोठ्या ट्रक-टिप्परमध्ये दोन बॅटऱ्या एकापुढे एक जोडून २४ व्होल्टची यंत्रणा केलेली असते. तो विद्युतदाब १२ व्होल्टच्या मोवरला दिला तर सोलेनॉइड (सेल्फला वीज जोडणारा खटका), रेग्युलेटर (चार्जिंगचा दाब आवरणारा भाग) आणि बॅटरी यांपैकी काय आधी जाईल एवढाच प्रश्न राहतो. घरातल्या इन्व्हर्टरचेही तेच: दोन बॅटऱ्यांचा असल्यास तोही साधारणपणे २४ व्होल्टचा असतो. काही जुने मोवर ६ व्होल्टचे असतात, त्यांना साध्या कारचे १२ व्होल्टही जास्त होतात. स्कूटरची बॅटरी १२ व्होल्टची असली तरी तिची क्षमता (किती अँपिअर किती तास देता येतील याचे माप) जेमतेम तीन ते पाच अँपिअर-अवर असते. मोवरचा सेल्फ तिला क्षणात झोपवतो आणि दोन वाहने बंद पडतात. हायब्रिड व इलेक्ट्रिक मोटारींचा असा वापर करण्यास अनेक उत्पादक मनाई करतात. बॅटरीवरच चालणारे लिथियमचे मोवर ३६, ४० किंवा ५६ व्होल्टचे असतात आणि त्यांना जंप ही कल्पनाच लागू होत नाही; त्यांचा स्वतःचा चार्जर हाच एक मार्ग आहे. तेव्हा लागते ती १२ व्होल्टची, शिसे-आम्ल बॅटरी असलेली साधी पेट्रोल वा डिझेल कार, तीही दोन्ही यंत्रांचा धातू एकमेकाला टेकणार नाही इतक्या अंतरावर उभी केलेली.

आता “इंजिन चालू ठेवून रेस द्या” याविषयी. याच्या उलट टोकाचा एक गैरसमजही ऐकू येतो, तो असा की कारची बॅटरी मोठी असल्यामुळे ती मोवरमध्ये जास्त अँपिअर ‘ढकलते’. तसे घडत नाही. टाकी मोठी म्हणून नळाला जास्त पाणी येत नाही. व्होल्टेज तेच असेल तर सेल्फ आपल्याला हवा तेवढाच प्रवाह ओढतो. अडचण आहे ती व्होल्टेजची आणि उतरलेल्या बॅटरीची. कारचे इंजिन चालू असताना तारांवर १२.६ नव्हे तर १४ व्होल्टच्या आसपास दाब असतो आणि मागे साठ-सत्तर अँपिअर सहज देऊ शकणारा अल्टरनेटर, म्हणजे इंजिनावर फिरणारा जनित्र, असतो. मोवरची बॅटरी साधारण १८ ते ३५ अँपिअर-अवरची. रिकाम्या अवस्थेत तिला हा दाब मिळाला की तिच्यात बेसुमार प्रवाह शिरतो, ती तापते आणि आतल्या पाण्याचे विघटन होऊन वायू सुटू लागतो. म्हणूनच अनेक उत्पादकांच्या पुस्तिका जंप देताना कार बंद ठेवायला सांगतात. कारची निरोगी बॅटरी एकटीच मोवरच्या लहान इंजिनाला फिरवण्यास पुरेशी असते. रेस देण्याचे काहीच कारण नाही.

ठिणगीचे वाक्य या संपूर्ण संदेशातले सर्वांत धोकादायक आहे. चार्ज होणारी शिसे-आम्ल बॅटरी हायड्रोजन सोडते, आणि हवेत या वायूचे प्रमाण ४ टक्क्यांपासून सुमारे ७५ टक्क्यांपर्यंत कितीही असले तरी ते मिश्रण पेट घेते. एवढी रुंद मर्यादा फार थोड्या वायूंची असते. हायड्रोजन हलका असल्यामुळे उघड्यावर लगेच वर निघून जातो, पण मोवरची बॅटरी पुष्कळदा सीटखालच्या अरुंद खणात बसवलेली असते आणि तिथे वारा लागत नाही. त्यात ठिणगी पडली तर बॅटरीचे कवच फुटते आणि सल्फ्युरिक आम्ल वाकून पाहणाऱ्या माणसाच्या तोंडावर उडते. हे नेहमी घडते असे नाही. परंतु ज्या दिवशी घडते त्या दिवशी चेहरा तिथून फूटभर अंतरावर असतो.

याला मोवरच्या टर्मिनलची रचनाही हातभार लावते. कारच्या बॅटरीला गोल, जाड खुंटे असतात, तर मोवरच्या बॅटरीला बहुतेक वेळा भोक पाडलेली चपटी शिशाची पट्टी आणि तिच्यात एक लहानसा बोल्ट. जंपर केबलच्या मोठ्या दातेरी चिमट्याला त्या बोल्टाच्या डोक्याची कडाच मिळते. इंजिन थरथरले की चिमटा निसटतो, आणि लाल चिमटा निसटून सीटच्या पत्र्याला लागला तर थेट शॉर्ट सर्किट होते.

“लाल प्लसला, काळा मायनसला” हे म्हणूनच अपुरे आहे. सीट उघडून खणात थोडा वेळ वारा खेळू द्यावा, चष्मा व हातमोजे घालावेत, अंगठी, कडे आणि घड्याळ काढून ठेवावे, पाते गुंतवण्याचा खटका बंद आणि ब्रेक लावलेला असल्याची खात्री करावी. मग पहिला लाल चिमटा मोवरच्या प्लसला, दुसरा लाल कारच्या प्लसला, पहिला काळा कारच्या मायनसला, आणि शेवटचा काळा चिमटा मोवरच्या बॅटरीला नव्हे, तर तिच्यापासून दूर इंजिनाच्या किंवा सांगाड्याच्या रंग नसलेल्या, स्वच्छ धातूला लावावा. मोवरचा सांगाडा बॅटरीच्या मायनसशी जोडलेलाच असतो, त्यामुळे वीज तीच पोहोचते. फरक इतकाच की शेवटच्या जोडणीला उडणारी ठिणगी हायड्रोजनपासून लांब उडते. लाल केबल मोवरला लावल्यावर तिचे दुसरे टोक जमिनीवर किंवा पत्र्यावर टाकून जाऊ नये. दोन-तीन मिनिटे थांबून चावी फिरवावी, एका वेळी पाच-सात सेकंदांहून अधिक सेल्फ मारू नये आणि मधे त्याला थंड होऊ द्यावे. इंजिन सुरू झाले की सांगाड्यावरचा काळा चिमटा आधी, मग कारचा काळा, मग कारचा लाल आणि शेवटी मोवरचा लाल काढावा. आम्ल डोळ्यात गेलेच तर चोळत न बसता वाहत्या पाण्याने किमान पंधरा मिनिटे डोळा धुवावा आणि मग डॉक्टरांकडे जावे.

स्क्रू ड्रायव्हरच्या सल्ल्यावर मला फार लिहायचे नाही, कारण त्यावर चर्चा करण्याजोगे काही नाही. सोलेनॉइडचे दोन नट जोडले की सीट, ब्रेक आणि पात्याचे सगळे सुरक्षा-खटके बाजूला पडतात. यंत्र गिअरमध्ये असेल तर ते बाजूला उभ्या माणसाच्या पायावरून पुढे जाते, पाते गुंतलेले असेल तर तेही फिरू लागते. शिवाय आदल्याच मिनिटाला वायूच्या शेजारी ठिणग्या पाडलेल्या असतात. हे वाक्य ज्या गटात येईल तिथून ते काढायला सांगावे.

“दहा मिनिटांत बॅटरी भरते” हा हिशेब कागदावरही टिकत नाही. अनेक मोवरमधली चार्जिंगची व्यवस्था जेमतेम ३ अँपिअरची असते, काहींत ती १५ पर्यंत जाते. ३ अँपिअरने दहा मिनिटांत जास्तीत जास्त अर्धा अँपिअर-अवर परत मिळतो, आणि बॅटरी २० ते ३० ची. इंजिन बंद केले की दुसऱ्या दिवशी पुन्हा ‘टक’. उतरलेली बॅटरी भरायला तिच्या क्षमतेच्या दहाव्या हिश्शाएवढा प्रवाह, म्हणजे दोन ते तीन अँपिअर देणारा चार्जर आणि दहा-बारा तास लागतात. घाई नसेल तर जंपऐवजी हाच मार्ग धरावा, असे माझे स्पष्ट मत आहे. यात चिमट्यांची कसरत नाही आणि बॅटरीचे आयुष्यही वाढते. पावसाळ्याआधी बॅटरी पूर्ण भरून, मायनसची वायर सोडून ठेवली आणि दर महिन्याला चार्जर लावला, तर ऑक्टोबरमधला प्रसंगच येत नाही. पडून असलेली बॅटरी आपोआप उतरत असते, आणि तापमान दहा अंशांनी वाढले की उतरण्याचा वेग जवळपास दुप्पट होतो. उतरलेल्या अवस्थेत महिनोन्‌महिने राहिलेल्या बॅटरीच्या पट्ट्यांवर शिशाच्या सल्फेटचे कठीण स्फटिक जमतात, ते पुढे चार्जरनेही विरघळत नाहीत.

पावसाच्या पाण्याबद्दलचा दावा ऐकायला पटणारा आहे, कारण ढगातले पाणी खरोखरच जवळपास शुद्ध असते. पण आपल्या हाती येते ते कौलांवरून, पत्र्यावरून, पन्हळीतून आलेले पाणी, आणि किनारपट्टीच्या हवेत समुद्राचे मीठ असते. विहिरीच्या पाण्याचेही तसेच: जांभ्या दगडातून झिरपलेल्या पाण्यात लोह असू शकते, आणि लोह बॅटरीत गेले की ती पडल्या-पडल्या लवकर उतरते. डिस्टिल्ड पाण्याचा कॅन पेट्रोल पंपावर किंवा बॅटरीच्या दुकानात स्वस्तात मिळतो. चार्ज करण्यापूर्वी पट्ट्या बुडतील इतकेच पाणी घालावे आणि उरलेले चार्ज पूर्ण झाल्यावर खुणेपर्यंत भरावे, नाहीतर ते फुगून बाहेर येते. सीलबंद बॅटरी उघडू नये.

शेवटचे वाक्य “आतले पाणी ओतून” असे सांगते. ते पाणी नसून शिसे मिसळलेले सल्फ्युरिक आम्ल आहे, आणि जांभ्या जमिनीत ओतलेले काहीही विहिरीपर्यंत पोहोचायला वेळ लागत नाही. २०२२ च्या बॅटरी कचरा व्यवस्थापन नियमांनुसार जुन्या बॅटऱ्या परत घेऊन त्यांच्या पुनर्प्रक्रियेची व्यवस्था करण्याची जबाबदारी उत्पादकांवर आहे. नवी बॅटरी घेताना जुनी, आम्लासकट आणि झाकणे घट्ट लावून, उभी ठेवून दुकानात न्यावी. शिशाला किंमत असल्यामुळे दुकानदार ती घेतो आणि नव्या बॅटरीच्या बिलातून काही रक्कम वजाही करतो.