नंबर देऊन मोकळे होणाऱ्यांसाठी

आज एक बाई शाळेच्या स्मरणिकेची 140 पानांची फाईल पेनड्राइव्हवर घेऊन चौथ्या डीटीपीवाल्याच्या, म्हणजे छपाईसाठी संगणकावर पानं लावून देणाऱ्याच्या, दारात उभ्या होत्या. आधीच्या तिघांनी एकेक नंबर हातात ठेवला होता. "हा करून देईल." त्या नंबरांवरचा एक जण फक्त कव्हरं करतो, दुसरा फक्त भाषांतर, तिसरा गावाला गेलेला. मजकूर श्रीलिपीत, म्हणजे युनिकोडच्या आधीच्या पद्धतीच्या फाँटमध्ये आहे, हे एकानेही फाईल उघडून बघितलं नव्हतं.

अरे, काम पाठवताना एवढं तरी बघा! श्रीलिपीतला मजकूर आता सगळीकडे चालणाऱ्या युनिकोड फाँटमध्ये नुसता चिकटवला की रोमन अक्षरांचा कचरा दिसतो. कन्व्हर्टरमधून काढला तरी पहिली वेलांटी, रफार आणि 'ऱ्य' यांवर लक्ष ठेवावंच लागतं. डोंगरातल्या 'दऱ्या'चा 'दर्या' होतो आणि स्पेलचेकला काही खुपत नाही, कारण दोन्ही शब्द बरोबर. म्हणजे कन्व्हर्जननंतर पुन्हा अख्खं मुद्रितशोधन आलं. दिवस वाढले, पैसे वाढले. हे बाईंना आधी कोणी सांगायचं?

आपल्याला जमत नसेल तर आधी ज्याच्याकडे पाठवायचं त्याला फोन करा. पानं किती, फाँट कुठला, छापायला कधी जायचं, बिल कोण देणार, हे एका मेसेजमध्ये लिहा. तो हो म्हणाला की मगच नंबर द्या, आणि एकच द्या. पाच नंबर दिले की माणूस पाचही ठिकाणी भाव विचारत बसतो. दराचं त्यांचं त्यांना ठरवू द्या. कमिशन घेणार असाल तर दोघांनाही माहीत असू द्या. लपवलेलं कळतंच, आणि मग तो माणूस तुमचा फोन उचलत नाही.

हो, पाठवलेलं काम कधी फसतं आणि बोलणी आपल्याला बसतात. मान्य. म्हणून आठ दिवसांनी एक फोन करून विचारायचं, झालं का नीट?

या धंद्यात बहुतेक जण एकटेच आहेत. कोणाचा हात दुखावतो, कोणाच्या घरी आजारपण असतं. तेव्हा अडलेली फाईल पुढे सरकते ती अशाच ओळखींवर. आपलं काम कमी होईल ही भीती मला कळते, पण न जमणारं काम तसंही आपलं नसतंच.

बाईंच्या चौथ्या माणसाने फाईल उघडली, फाँटचं नाव बघितलं, कन्व्हर्जनवाल्याला आणि मुद्रितशोधकाला विचारलं, मग नंबर दिला. दहा मिनिटं लागली. सोमवारी छापायला जायची स्मरणिका आता गुरुवारी जाईल.