हरायची सोय

रविवारी रात्री कोल्हापूरहून व्हिडिओ कॉल येतो. तिकडं शिवाजी पेठेत साडेसात वाजलेले असतात, इथं दक्षिण कोरियात, दोंगतानमध्ये अकरा. गेले काही महिने या कॉलवर एकच विषय आहे, पुतण्याचं काय करायचं. पोरगा एकोणीस वर्षांचा, बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला, आणि तालमीच्या संघातून विंगला खेळतो. दादाचं म्हणणं, आता फुटबॉल बास, क्लास लाव, परीक्षा दे. पुतण्या म्हणतो, काकांच्या कोरियातला सोन हंग-मिन बघा. तेवढ्यात मागून आमच्या मावसभावाचा आवाज येतो. तो वॉर्डात सात-आठ वर्षं काम करतोय, पाणी, गटार, रेशनकार्ड, आणि तिकिटाची वाट बघतोय. "तिथं छत्तिसाव्या वर्षी माणूस पक्षाचा अध्यक्ष होतो, आणि आपल्याकडं पन्नाशीतला युवा नेता!"

दोघंही मलाच साक्षीदार करतात. इथं राहून मला तेरा वर्षं झाली, मुलगी इथल्या शाळेत जाते, त्यामुळं साक्ष द्यायला माझी ना नाही. पण मी जे पाहिलंय ते त्या दोघांच्या बाजूचंही नाही आणि दादाच्या बाजूचंही नाही.

मावसभाऊ ज्यांच्याबद्दल बोलतो ते ली जुन-सोक माझेच खासदार आहेत. ह्वासोंग शहराचा दोंगतान हा भाग म्हणजे चिपच्या कारखान्यांच्या आसपास वाढलेली नवी वसाहत. उंच इमारती, तरुण जोडपी, बाबागाड्या. २०२४ च्या मार्चमध्ये सोलला जाणारी वेगवान भुयारी रेल्वे सुरू झाली, आणि त्याच दिवसांत स्टेशनबाहेर नारिंगी जाकीट घातलेले ली येणाऱ्या-जाणाऱ्याला कमरेत वाकून नमस्कार करत उभे असायचे. मला संसदेचं मत नाही. कायम वास्तव्याचा परवाना मिळून तीन वर्षं झाली की परदेशी माणसाला इथं फक्त स्थानिक निवडणुकीत मत देता येतं. तरी मी थांबून ऐकायचो. पाहण्यांमध्ये ते मागं होते. १० एप्रिलला ते ४२ टक्के मतं घेऊन निवडून आले.

कोल्हापुरात पोचलेली गोष्ट २०२१ ची आहे. त्या जूनमध्ये ३६ वर्षांचे ली, एकदाही खासदार न झालेले, देशातल्या मुख्य पुराणमतवादी पक्षाचे अध्यक्ष झाले. चार-चार वेळा निवडून आलेल्या नेत्यांना हरवून. पहिल्या दिवशी ते संसदेत भाड्याच्या सार्वजनिक सायकलवरून गेले, तो फोटो तिकडंही फिरला. पक्षाचे प्रवक्ते त्यांनी खुल्या वादस्पर्धेतून निवडले. पुढच्या वर्षी स्थानिक निवडणुकीच्या इच्छुकांना लेखी परीक्षेला बसवलं. मावसभावाला हे सगळं पाठ आहे.

त्याला पाठ नाही ते त्याच्या आधीचं. २०११ च्या डिसेंबरमध्ये, पुढं राष्ट्राध्यक्ष झालेल्या पार्क ग्युन-हे यांनी पक्ष सावरण्यासाठी नेमलेल्या समितीत हार्वर्डहून शिकून आलेल्या २६ वर्षांच्या ली यांना स्वतः बोलावून घेतलं. म्हणजे पहिलं दार आतूनच कुणीतरी उघडलं होतं. वर्गणी काढून पोस्टर लावणाऱ्या पोराची ही गोष्ट नाही, आणि ती तशी सांगणं हा आपल्या पोरांवर अन्याय आहे. दार उघडल्यावर मात्र ते हरले. २०१६ ला सोलच्या नोवन भागातून हरले, २०१८ ला तिथूनच पोटनिवडणूक हरले, २०२० ला पुन्हा तिथूनच. मधल्या काळात पक्ष फुटला, त्यांनी बदलला, परत आले. अध्यक्ष झाल्यावरही तेरा महिन्यांत, २०२२ च्या जुलैत, पक्षाच्या शिस्त समितीनं त्यांचं सदस्यत्व सहा महिन्यांसाठी स्थगित केलं. पुढं त्यांनी पक्ष सोडला, नवा काढला, आणि मग आमच्या स्टेशनबाहेर येऊन उभे राहिले.

तीन पराभवांनंतर माणूस उभा कसा राहतो? जिद्द वगैरे आहेच. पण मी इथं एक कायदा समजून घेतला आणि मला ती जिद्द जास्त नीट कळली. कोरियात उमेदवाराला १५ टक्के मतं मिळाली की अनामत परत मिळते आणि ठरलेल्या मर्यादेतला प्रचारखर्च सरकार भरून देतं. १० ते १५ टक्के मिळाली तर निम्मा. नोवनमध्ये तिन्ही वेळा ली यांना त्याहून कितीतरी जास्त मतं होती. हरलेला माणूस घरदार गहाण टाकून घरी गेला नाही. २०२५ च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत ते उभे राहिले, चाळीस पूर्ण होऊन जेमतेम दोन महिने झाले होते (घटनेनुसार तेवढं वय लागतंच), आणि ८.३४ टक्के मिळाले. तेव्हा एक पैसा परत नाही. नियम कुणासाठी वाकला नाही.

आपल्याकडं विधानसभेला उभं राहणाऱ्याला पुरेशी मतं मिळाली तर अनामत परत मिळते, खर्च नाही. मग न हरण्याची खात्री असलेली घरं उरतात, किंवा हरणं परवडणारी. आडनाव असलेला पोरगा दोनदा पडला तरी तिसऱ्यांदा तिकीट त्याच्या घरीच येतं. आमच्या मावसभावासारख्याला एकदा पडणं म्हणजे दुकान, प्लॉट आणि बायकोचे दागिने. वयाचं म्हणाल तर महाराष्ट्रानं १९७८ सालीच चाळिशी न गाठलेला मुख्यमंत्री पाहिला, शरद पवार तेव्हा ३७ वर्षांचे होते. तरुण माणूस खुर्चीवर बसला याचं आपल्याला कधीच वावडं नव्हतं. ती खुर्ची गाठेपर्यंत पडण्याची, शिकण्याची जागा कुठं आहे, हे मला विचारायचंय.

ती जागा म्हणजे कॉलेजची निवडणूक, नगरपालिका, महापालिका. कॉलेजातल्या थेट निवडणुका महाराष्ट्रात नव्वदच्या दशकात बंद झाल्या. कोल्हापूर महापालिकेवर २०२० च्या नोव्हेंबरपासून प्रशासक होता, निवडणूक व्हायला २०२६ चा जानेवारी उजाडला. पाच वर्षं! एकविसाव्या वर्षी उभं राहायच्या तयारीत असलेला पोरगा सव्विशीचा झाला, ना जिंकून ना हरून. हरायलासुद्धा आधी निवडणूक लागते. याबद्दल पेठेत मोर्चा निघाल्याचं मी ऐकलं नाही. मावसभावानं कोरियाचं उदाहरण देण्यापेक्षा हे बोलावं, असं मी त्याला स्पष्ट सांगितलं. तो चार दिवस बोलला नाही.

मी ली यांचा चाहता आहे असं त्याला वाटतं. मी नाही. ते वेगानं आणि मुद्देसूद बोलतात, पण त्यांचं राजकारण उभं राहिलं ते तरुण पुरुषांच्या रागावर. हा राग खोटा नाही. वयाची ऐन उमेदीची दीड वर्षं सैन्यात द्यायची, परत येऊन नोकरीसाठी स्पर्धा, घराच्या किमती हाताबाहेर. माझ्या शेजारी बसणाऱ्या तरुण सहकाऱ्याकडून मी हे रोज ऐकतो आणि मला तो पटतो. ली यांनी त्या रागाला उत्तर दिलं ते असं, की परीक्षा घ्या, गुण मोजा, कुणाला सवलत नको. स्त्रियांसाठीचं मंत्रालय बंद करा. अपंगांनी मेट्रो अडवून आंदोलन केलं तेव्हा त्यांनी प्रवाशांची बाजू घेऊन आंदोलकांवर तोफ डागली. मंडल, मराठा आरक्षण, खुला प्रवर्ग ही सगळी भांडणं घरात ऐकत वाढलेल्या माणसाला 'फक्त गुणवत्ता' हा शब्द नवा नाही. परीक्षेच्या हॉलपर्यंत कोण गाडीनं आलं आणि कोण चालत, ते उत्तरपत्रिकेत दिसत नाही.

२७ मे २०२५ ला राष्ट्राध्यक्षपदाच्या उमेदवारांची शेवटची डिबेट टीव्हीवर चालू होती. प्रतिस्पर्ध्याला अडचणीत आणायला ली यांनी प्रश्नाच्या रूपात स्त्रीच्या शरीरावरच्या हिंसेचं एक वर्णन उच्चारलं, थेट प्रक्षेपणात. माझी मुलगी शेजारी बसली होती. तिला मराठीपेक्षा कोरियन चांगलं समजतं. बायकोनं टीव्ही बंद केला. नंतर ऐकून त्रास झालेल्यांची त्यांनी माफी मागितली, तरी आमच्या घरात तो विषय संपला नाही. माणूस चाळीस वर्षांचा आहे म्हणून राजकारण नवं होत नाही, हे त्या रात्री मला जितकं कळलं तितकं कधी कळलं नव्हतं.

आणि कोरियात वयाला किंमत नाही, हेही तिकडं कुणी समजू नये. ऑफिसात दोन महिन्यांनी मोठा असलेला माणूसही आधी ग्लास उचलतो. २०२४ च्या आशियाई चषकात उपांत्य सामन्याच्या आदल्या रात्री काही तरुण खेळाडू जेवण लवकर उरकून टेबल टेनिस खेळायला गेले. कर्णधार सोननं हटकलं, झटापट झाली, त्याचं बोट निखळलं. दुसऱ्या दिवशी जॉर्डनकडून ०-२ अशी हार. त्या तरुणांपैकी ली कांग-इन माफी मागायला लंडनला गेला, तेव्हा कुठं देश शांत झाला. आमच्या कँटीनमध्ये आठवडाभर दुसरा विषय नव्हता, आणि ज्येष्ठ एका टेबलावर, तरुण दुसऱ्या.

तर सोन. चुनचॉनचा, १९९२ चा जन्म. वडील सोन उंग-जोंग स्वतः व्यावसायिक खेळाडू होते, दुखापतीनं खेळ लवकर सुटला. त्यांनी पोराला सामन्यांत न उतरवता वर्षानुवर्षं चेंडू ताब्यात ठेवायला शिकवलं. चेंडू पायावर उडवत ठेव, पडला की पुन्हा पहिल्यापासून. २००८ मध्ये फुटबॉल संघटनेच्या योजनेतून सोळा वर्षांचा सोन हॅम्बुर्गला गेला. तिथून लेव्हरकुसेन, २०१५ ला टॉटनहॅम, २०२१-२२ च्या हंगामात मोहम्मद सलाहच्या बरोबरीनं २३ गोल आणि त्यात एकही पेनल्टी नाही. दहा वर्षं एका क्लबात राहून त्याला पहिली ट्रॉफी मिळाली ती २०२५ च्या मे महिन्यात, बिल्बाओमध्ये, युरोपा लीगची. तेव्हा तो बत्तीस वर्षांचा होता.

पुतण्याला गोल दिसतात. मला त्याची सैन्यसेवेची टांगती तलवार जास्त आठवते. आशियाई स्पर्धेत सुवर्ण किंवा ऑलिंपिकमध्ये कुठलंही पदक मिळालं तरच सूट. २०१४ ला क्लबनं सोडलं नाही म्हणून तो आशियाई स्पर्धेला गेला नाही आणि नेमकं तेव्हा कोरियानं सुवर्ण जिंकलं. २०१६ ला रिओ ऑलिंपिकमध्ये होंडुरासकडून ०-१ अशी हार, मैदानावरच रडला. २०१८ च्या १ सप्टेंबरला जकार्ताजवळ बोगोरमध्ये जपानविरुद्धचा अंतिम सामना जादा वेळेत गेला, कोरियानं तो २-१ असा जिंकला. तो सामना हरला असता तर ऐन सव्विशीत कारकीर्द मध्येच तोडून त्याला सैन्याकडं वळावं लागणार होतं. २०२० मध्ये त्यानं जेजू बेटावर मरीनबरोबर तीन आठवड्यांचं प्रशिक्षण पुरं केलं. शेजारच्या सहकाऱ्याला सोन अतिशय प्रिय आहे, तरी तो म्हणतो, एका सामन्यावर माणसाचं दीड वर्ष ठरू नये. त्याचं मला पटतं.

वडिलांची तपश्चर्या दादाला सांगताना मी एक गोष्ट लपवली नाही. त्याच वडिलांच्या अकादमीबद्दल २०२४ मध्ये मुलांच्या छळाची तक्रार झाली आणि न्यायालयानं दंड केला. पोराला मारून मुटकून सोन होत नाही, हे कोरियालाही आता कायद्यानं सांगावं लागतंय.

पण पोर हरलं तर परत कुठं येतं, ते बघा. इथं १९८३ पासून व्यावसायिक लीग आहे, खाली दुसरी श्रेणी आहे. जर्मनीत जागा मिळाली नाही तर घरी खेळायला जागा असते. आमच्या जवळच्या सुवॉनचा ब्लूविंग्ज संघ २०२३ च्या अखेरीस दुसऱ्या श्रेणीत घसरला. मुलीला घेऊन मी पुढच्या मोसमात सामन्याला गेलो तर स्टँड निळा, ढोल तेवढाच जोरात. मला शाहू स्टेडियमची आठवण आली. पाटाकडील विरुद्ध शिवाजी तरुण मंडळ असलं की पेठ रिकामी आणि गॅलरी भरलेली, झाडावर पोरं. हे वेड आपल्याकडं कमी आहे असं कुणी म्हणू नये. कोल्हापूरचाच अनिकेत जाधव २०१७ ला भारताच्या सतरा वर्षांखालच्या संघातून वर्ल्ड कप खेळला, त्या दिवशी मी इथं ऑफिसात मिठाई वाटली होती.

आमच्या पेठेतल्या खेळाडूला मैदान आहे, प्रेक्षक आहेत, भांडणारे समर्थकही आहेत. तालमीच्या वर मात्र पायरी नाही. जी एक वरची लीग आहे, इंडियन सुपर लीग, तिचा पुढचा हंगामच २०२५ च्या जुलैत लांबणीवर पडला, ती चालवण्याचा करार संपत आला म्हणून. मग घरची माणसं सरकारी नोकरीतल्या खेळाडूंच्या पाच टक्के राखीव जागांकडं बघतात, आणि तिथं बोगस प्रमाणपत्रांनी खऱ्या खेळाडूची वाट अडवलेली. दादा घाबरतो ते उगीच नाही. तो फुटबॉलच्या विरोधात नाही, त्यानं स्वतः अकरावीपर्यंत खेळलंय. पोरगं पंचविशीत पडलं तर त्याच्याखाली काय आहे, एवढंच तो विचारतो, आणि त्याला उत्तर द्यायला ना संघटना आहे ना सरकार.

मग मी म्हटलं, घरातल्या घरात आपण काय करू शकतो ते बघू. परवाच्या रविवारी मी दादाला आकडा सांगितला. बी.कॉम. पुरं करायचं, सकाळी मैदान, त्यानंतर शारीरिक शिक्षणाची पदवी आणि प्रशिक्षकाचा परवाना. तीन वर्षांचा खर्च माझा. तिसऱ्या वर्षाअखेर वरच्या संघात नाव नसलं तर कुणी त्याला एक शब्द बोलायचा नाही.

दादा बराच वेळ गप्प होता. मागं वहिनी भाकरी थापत होत्या, तो आवाज येत होता. शेवटी तो म्हणाला, "वर्षाला किती ते परत सांग, लिहून घेतो." मी सांगितलं, त्यानं कॅलेंडरच्या मागं लिहिलं. पुतण्या फ्रेममध्ये कुठंच नव्हता, दाराआड उभा असावा.

येत्या रविवारी पुतण्याच्या संघाचा सामना आहे, चार वाजता. मोबाइलवर दाखवतात. इथं साडेसात वाजलेले असतील, मुलीनं आत्तापासून विचारून ठेवलंय की तिचा हा चुलतदादा कितव्या नंबरची जर्सी घालतो.