जागृत ओल

मोजे अजून ओले आहेत. भिंतीतली गळती बघायला बोलावलेल्या माणसाला आधी बूट काढायला लावायचे आणि मग त्याच गळतीच्या पाण्यात रांगेत उभं करायचं, हे आमच्या कोथरूडातच जमतं. वर पुढच्या काकूंनी वळून विचारलं, "रिकाम्या हातानं आलात?" माझ्या हातात छन्नी, हातोडी आणि व्हिनेगरची बाटली होती.

प्रकरण असं. सोसायटीच्या पार्किंगच्या कोपऱ्यात लोक पान खाऊन थुंकायचे, म्हणून तिथं पाच बाय चार फुटांचा मोझाइकचा गणपती बसवला. फुटक्या टाइल, तुळशीबागेतल्या बांगड्या, आरशाचे तुकडे. कारागीर अस्मादिक. थुंकणं थांबलं. इथपर्यंतचा चमत्कार मलाही मान्य आहे. पुढं गणपती रडायला लागला.

रांगेची व्यवस्था एक काका बघतात. उभी हयात धरणांच्या कामावर गेली. आता हाताखाली धरण उरलं नाही, तेव्हा त्यांनी गणपती ताब्यात घेतला. शंभर पानी वहीत रोजची नोंद असते: तारीख, वेळ, डावा डोळा, उजवा डोळा, शेरा.

"साडेसहाला विसर्ग सुरू होतो," काका म्हणाले. "साडेसातला बंद. मिनिटाचा फरक नाही."

"काका, साडेसहाला वॉचमन मोटर लावतो."

"तोही भाविकच आहे."

"अहो, मोटरची लाइन याच भिंतीतून टाकीकडे जाते. वरचा एल्बो, म्हणजे पाइपाच्या वळणाचा जोड, गळतोय. मोटर चालू असेपर्यंत लाइनीत दाब असतो, पाणी गिलाव्यात उतरतं आणि सांधा सापडेल तिथून बाहेर येतं. डोळ्याभोवती तुकडे बारीक, म्हणजे सांधे जास्त. म्हणून डोळ्यातून."

काकांनी सगळं शांतपणे ऐकलं. भिंतीतून पाणी कसं झिरपतं हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त कळतं, हाच तर संताप आहे. त्यांनी वहीचं पान उलटलं आणि एका ओळीवर बोट ठेवलं. "परवा मोटर बंद होती. तरी?"

"तरी पाणी आलं?"

"नाही आलं. चतुर्थी होती. उपास."

सोंडेवर पांढरी पूड जमली आहे. गवंडी तिला लोणा म्हणतात. सिमेंटमधला चुना ओलीत विरघळतो, पाण्याबरोबर बाहेर येतो, हवेतल्या कार्बन डायऑक्साइडशी संयोग होऊन त्याचं कॅल्शियम कार्बोनेट होतं. पाणी उडून जातं, पूड राहते. ही पूड काका दाढीच्या ब्रशनं झाडतात आणि वर्तमानपत्राच्या पुड्यांत बांधून अंगारा म्हणून वाटतात. मी एक पुडी उघडून सर्वांदेखत व्हिनेगरचे चार थेंब टाकले. आम्ल पडलं की कार्बोनेट फसफसतं. शंका मिटवायला यापेक्षा सोपी परीक्षा नाही. पूड फसफसली. रांगेतून आवाज आला, "जागृत आहे हो!" काकांनी घड्याळ बघून शेऱ्याच्या रकान्यात नोंद केली. काकूंनी मला नमस्कार केला आणि बाटलीतलं थोडं मागितलं.

बाकीचे चमत्कारही याच जातीचे. नजर म्हणे पाठलाग करते. सपाट चित्रात समोर रोखलेली नजर कुठूनही बघितली तरी आपल्याकडेच असते, कारण आपण सरकलो म्हणून चित्रातली बुबुळं सरकत नाहीत. मुकुट संध्याकाळी पेटतो, कारण पश्चिमेचं ऊन पार्किंगमध्ये शिरतं आणि आरशाचे तुकडे मी मुद्दाम तिरके बसवले आहेत. हा शोध माझा नव्हे. इटलीत रावेन्नाच्या सान व्हिताले चर्चमध्ये सहाव्या शतकातल्या कारागिरांनी सोन्याचा वर्ख काचेत बंद करून तुकडे असेच कमी-जास्त कलते लावले. सगळे एका पातळीत घोटून बसवले, तर भिंत चमकते, पण लुकलुकत नाही.

आणि सोंड डावीकडे आहे, याचं श्रेय मला कोणी देत नाही. असलं काम बरेचदा ब्राउन पेपरवर उलटं करतात. तुकडे तोंडघशी, खळीनं चिकटवलेले. मग अख्खा कागद भिंतीवर दाबायचा, ॲडहेसिव्ह धरलं की पाणी मारून कागद सोलायचा. मूळ रेखाटन आरशातल्यासारखं उलटं काढलं नाही, तर डाव्या सोंडेचा गणपती उजव्या सोंडेचा होतो आणि कडक सोवळं पार्किंगनं सांभाळायचं!

21 सप्टेंबर 1995 ला देशभर गणपती दूध प्यायले, तेव्हा पृष्ठताणानं दूध चमच्यातून ओढलं जातं आणि मूर्तीवरून पातळ थरात खाली ओघळतं, हे रंगीत दूध वापरून दाखवलं होतं. तो प्रकार एक-दोन दिवसांत ओसरलाही. आमच्याकडे तशी आशा नाही, कारण मोटर रोज लागते.

विनोद इथं संपतो. कोटेशनमध्ये मी वॉटरप्रूफिंगचा थर लिहिला होता. "भिंत तर कोरडी आहे," म्हणून कमिटीनं खोडला. नवा गिलावा किमान सात दिवस पाणी मारून मुरवायचा, मग पुरता वाळू द्यायचा; पण मुहूर्त आधीचा निघाला. आता पोटावर बोटानं ठोकलं की बद्द वाजतं, म्हणजे मागचं ॲडहेसिव्ह सुटलंय. आरशांचा मुलामा ओलीनं कडेपासून काळा पडतोय, त्याला "कोप" म्हणतात. उपाय साधा: एल्बो बदला, भिंत वाळू द्या, पोकळ भाग उतरवून पाठीला सलग ॲडहेसिव्ह लावून पुन्हा बसवा. नुसते ठिपके देऊन नाही, मागं पोकळ्या राहतात. पण एल्बो बदलायला बंदी आहे. दानपेटीतून लिफ्टचा मेंटेनन्स निघतो.

माझा शेवटचा हप्ता मात्र निघत नाही. "देवाच्या कामाचे पैसे मागता?" असं खजिनदार विचारतात. डोळ्यातून पाणी आलं तर ती देवाची लीला. कानाचा तुकडा एका स्कूटरवर पडला तर ते माझं काम, आणि सीटचं बिलही मलाच.

निघताना बी विंगच्या चेअरमननी गाठलं. त्यांनाही हवाय, सहा बाय पाच. "पण आमचा जिना तिथंच आहे, तेव्हा एकाच डोळ्यातून. आणि रविवारी नको, लोक उशिरा उठतात."

कोटेशन पाठवलंय. मजुरी, काच, ॲडहेसिव्ह, वॉटरप्रूफिंग. अश्रूंचा प्लंबर वेगळा. सगळे पैसे आगाऊ.