‘कायदेप्रेमी’ यांच्या प्रतिक्रियेला उत्तर

महोदय,

पोलिसांनी अटक केली नसली, तरी आरोपी स्वतः कोर्टात शरण येऊन (सरेंडर होऊन) जामीन मागू शकतो, असं मी ‘सरेंडर आणि जामीन’ या लेखात लिहिलं होतं. त्यावरची आपली प्रतिक्रिया दोनदा वाचली. ‘अर्धवट ज्ञान’, ‘लोकांची दिशाभूल’, ‘यांना वकिलीची सनद दिली कुणी?’ या काट्याकुट्यांतून वाट काढत मुद्द्यापाशी पोचायला तेवढा वेळ लागतोच.

आधी आपलं बरोबर ते मान्य करतो. सेशन्स आणि उच्च न्यायालयाच्या जामीन देण्याच्या अधिकाराचं कलम म्हणून मी सगळीकडे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं 439 लिहिलं. 1 जुलै 2024 पासून तिच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली आणि तेच कलम आता 483 आहे. जुनी सवय. दुरुस्त केलंय. एका आकड्यावरून माणसाची अक्कल काढायची नसते, पण असो.

आता आपलं ते वाक्य: ‘पोलिसांनी अटक केल्याशिवाय आरोपी कोठडीत नसतो, आणि कोठडीत नसलेल्याचा जामीन अर्ज चालतच नाही.’ यातला उत्तरार्ध बरोबर, पूर्वार्ध साफ चूक, आणि ठसका दोन्हींत सारखाच! 1980 साली निरंजन सिंग विरुद्ध प्रभाकर खरोटे या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापुढे हाच प्रश्न होता. आरोपी कोण, तर पोलीसच. न्या. कृष्णा अय्यर यांनी सांगितलं, की आरोपी न्यायालयापुढे स्वतः हजर झाला आणि त्याच्या हुकुमाच्या स्वाधीन झाला, की तो न्यायालयाच्या ताब्यात आला. बेडी लागत नाही, लॉकअप लागत नाही. वकिलाच्या हाती अर्ज देऊन घरी बसणाऱ्याला मात्र हे लागू नाही. देहानं तिथं उभं राहावं लागतं.

‘आधी मॅजिस्ट्रेटकडेच जावं लागतं’ अशी पुस्तीही आपण जोडलीत. संदीप कुमार बाफना प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयानं असंच म्हटलं होतं. 2014 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते फिरवलं: आरोपी थेट उच्च न्यायालयात शरण येऊ शकतो आणि तिथेच त्याचा अर्ज ऐकता येतो. म्हणजे आपण रद्द झालेला निकाल मला शिकवताय.

एकोणीस वर्षं फौजदारी कोर्टांत काढली आहेत मी. वकिलीच्या तिसऱ्या वर्षी माझा एक पक्षकार औषधांची पिशवी घेऊन सकाळी अकराला सेशन्स कोर्टात हजर झाला. साहेबांनी सरेंडर नोंदवून घेतलं, सरकारी वकिलांचा से (लेखी म्हणणं) मागवला आणि तोवर त्याला शिपायाशेजारी बाकावर बसवलं. साडेपाचपर्यंत. आपल्या मते तो मोकळा होता. त्यानं उठून चहाला जाऊन बघायला हवं होतं! त्या दिवशी त्याला जामीन झाला नाही, एमसीआर (न्यायालयीन कोठडी) होऊन तो आठ दिवस आत राहिला, हे खरं. पण मुद्दा तो नाही.

‘हा लेख वाचून कुणी तयारीशिवाय हजर झाला आणि तसाच आत गेला, तर जबाबदार कोण?’ असंही विचारलंत. हजर झालं की जामीन मिळतोच, असं मी कुठेही लिहिलेलं नाही. पोलीस पीसीआर (पोलीस कोठडी) मागू शकतात, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. सगळंच लेखात कोंबायचं का? अटकपूर्व जामिनावरचा आपला परिच्छेद तर विषयाबाहेरचाच.

राहिली सनद. माझी बार कौन्सिलच्या नोंदीत आहे, नावानिशी. आपण ‘कायदेप्रेमी’ एवढंच लिहिलंय. प्रेम असेलच, तर खरोटे निकाल वाचून काढा. लांबलचक नाही.