सोलची वेगळी यादी कशाला वाचायची? : एका कमेंटला सविस्तर उत्तर

नमस्कार. १९६७ साली बिलबोर्ड या अमेरिकन मासिकाच्या आर अँड बी (म्हणजे सोलसारख्या कृष्णवर्णीयांच्या संगीताच्या) यादीत पहिल्या नंबरवर गेलेल्या गाण्यांवर मी पोस्ट लिहिली होती, त्यावर तुमची कमेंट आली. तिला खाली दोन ओळीत उत्तर देऊन भागणार नाही म्हणून इथे वेगळं लिहितोय. बाकीच्या वाचकांसाठी तुमचं म्हणणं थोडक्यात सांगतो. ही यादी म्हणजे गोऱ्यांच्या मासिकाने कृष्णवर्णीयांची मांडलेली वेगळी पंगत, तिचं कौतुक कसलं करता? त्यात त्या वर्षी डेट्रॉइट जळत होतं आणि यादीत सगळी प्रेमाची गाणी. 'ग्रेपव्हाइन' हे गाणं म्हणजे मार्विन गे, ग्लॅडिस नाइटची ती नुसती कॉपी. आणि ज्या यादीत ओटिस रेडिंगसारखा गायक पहिला नाही ती यादी काय कामाची.

वेगळी पंगत होती हे अगदी खरं आहे, त्यात वादच नाही. १९४५ ते १९४९ या यादीचं नाव 'रेस रेकॉर्ड्स' होतं, यातच सगळं आलं. ते जाऊन 'ऱ्हिदम अँड ब्लूज' आलं ते जेरी वेक्सलरमुळे, तो तेव्हा बिलबोर्डमध्ये पत्रकार होता, आणि हाच वेक्सलर पुढे अटलांटिक कंपनीचा प्रोड्युसर म्हणून १९६७ च्या जानेवारीत गायिका अरिथा फ्रँकलिनला रेकॉर्डिंगसाठी अलाबामातल्या मसल शोल्सला घेऊन गेला. पण ही पंगत मोडूनही बघितली होती त्यांनी! नोव्हेंबर १९६३ ते जानेवारी १९६५ बिलबोर्डने ही यादी छापलीच नाही, हीच गाणी पॉपच्या यादीत दिसतायत मग वेगळी कशाला असा हिशोब. झालं काय, तर त्या चौदा महिन्यांत ब्लॅक वस्तीतल्या रेकॉर्डच्या दुकानांत काय खपत होतं याची बिलबोर्डकडे नोंदच उरली नाही, आज अभ्यास करणाऱ्यांना कॅशबॉक्स नावाच्या दुसऱ्या मासिकावर काम भागवावं लागतं. यादी काढून टाकली म्हणून भेदभाव गेला नाही, फक्त तो ऐकणारा माणूस कागदावरून पुसला गेला. मला ही यादी महत्त्वाची वाटते ती एवढ्यासाठी. ती शिकागो, डेट्रॉइट, मेम्फिस, न्यू ऑर्लिन्सच्या त्या लोकांची आवड आहे ज्यांना दुसरीकडे कोणी विचारतच नव्हतं.

१९६७ ची पॉप यादी शेजारी ठेवून बघा म्हणजे मी काय म्हणतोय ते कळेल. ॲरन नेव्हिलचं 'टेल इट लाइक इट इज' इकडे पाच आठवडे पहिलं, तिकडे दुसऱ्या नंबरवर अडकलं कारण वर मंकीज नावाचा पॉप बँड बसलेला. सॅम अँड डेव्हचं 'सोल मॅन' इकडे सात आठवडे पहिलं, तिकडे पुन्हा दुसरं, वर लुलूचं 'टू सर विथ लव्ह'. ग्लॅडिस नाइटचं 'ग्रेपव्हाइन' इकडे सहा आठवडे पहिलं आणि तिकडे परत दुसरं, वर परत मंकीज. उलटंही आहे, सुप्रीम्सचं 'द हॅपनिंग' पॉपमध्ये पहिलं आलं पण आर अँड बीत बाराव्याच्या वर गेलंच नाही, म्हणजे सुप्रीम्सच्या मोटाउन या डेट्रॉइटच्या रेकॉर्ड कंपनीने दिलं म्हणून या लोकांनी डोळे झाकून घेतलं असंही नाही. वर्षभरात दोन्हीकडे पहिली आलेली गाणी फक्त दोन, सुप्रीम्सचंच 'लव्ह इज हिअर अँड नाऊ यू आर गॉन' आणि अरिथाचं 'रिस्पेक्ट'. नेव्हिलचं तर फार वाईट वाटतं मला, रेकॉर्ड काढणारी पार-लो ही न्यू ऑर्लिन्सची छोटीशी कंपनी होती, ती बुडाली, पैसे हातात फारसे आलेच नाहीत आणि एवढं मोठं गाणं नावावर असलेला माणूस गोदीत हमाली करायला गेला. ही यादी नसती तर हे गाणं त्या लोकांसाठी केवढं मोठं होतं हे आपल्याला समजलंच नसतं.

आता डेट्रॉइट. २३ जुलै १९६७ च्या पहाटे पोलिसांच्या धाडीवरून पेटलं, पाच दिवस चाललं, ४३ माणसं गेली. त्याच दिवशी डेट्रॉइटच्या फॉक्स थिएटरमध्ये मोटाउनची गायिका मार्था रीव्ह्जचा कार्यक्रम होता आणि बाहेर दंगल चालू आहे, शांतपणे घरी जा, हे स्टेजवरून प्रेक्षकांना तिलाच सांगावं लागलं. तिचं 'जिमी मॅक' त्याच वर्षी पहिल्या नंबरवर येऊन गेलेलं. आता हे गाणं रेकॉर्ड झालं होतं १९६४ मध्ये, मोटाउनने ते कपाटात टाकून ठेवलं आणि १९६७ मध्ये बाहेर काढलं, तोवर घराघरातली पोरं व्हिएतनामला गेलेली. गाण्यातली मुलगी विचारते, जिमी तू परत कधी येणार. लिहिताना ते साधं प्रेमाचं गाणं होतं, पण १९६७ मध्ये ऐकणाऱ्या बाईला त्यात काय ऐकू आलं असेल याचा विचार करा की. घोषणा दिली तरच गाणं त्या काळाचं, हे मला पटत नाही.

'सोल मॅन'चंही तेच. आयझॅक हेझने पुढे सांगितलंय की दंगलीच्या बातम्यांत त्याने पाहिलं, ब्लॅक लोकांच्या दुकानांवर 'सोल' असं लिहिलं की जमाव ते दुकान सोडून देत होता, आणि त्यातून त्याने आणि डेव्हिड पोर्टरने हे गाणं केलं. म्हणजे तुम्ही ज्या आगीबद्दल बोलताय तीच या गाण्याच्या मुळाशी आहे, आणि ते यादीत सात आठवडे सगळ्यात वर होतं.

'रिस्पेक्ट' तर ओटिसचंच. त्याने १९६५ मध्ये लिहून गायलं तेव्हा ते दमून घरी आलेल्या नवऱ्याचं म्हणणं होतं. अरिथाने व्हॅलेंटाइनच्या दिवशी न्यूयॉर्कमध्ये ते रेकॉर्ड केलं आणि पार फिरवून टाकलं. एकेक अक्षर सुटं करून आर-ई-एस-पी-ई-सी-टी म्हणणं ओटिसच्या गाण्यात नाहीच्चे, मागे तिच्या बहिणी कॅरोलिन आणि अर्मा जे झटके देतात तेही नाहीत, किंग कर्टिसचा सॅक्सोफोन येतो ती जागाही नवीन. दोन्ही लागोपाठ ऐका. ओटिसचं गाणं धावत सुटलेलं आहे, अरिथाचं पाय रोवून उभं आहे. आठ आठवडे पहिलं होतं ते, आणि तिची त्या वर्षातली तीन गाणी मिळून सतरा आठवडे होतात. त्याआधी कोलंबिया या रेकॉर्ड कंपनीत कित्येक वर्षं काढून तिला हे मिळालं नव्हतं.

आणि इथूनच 'ग्रेपव्हाइन'कडे येतो, कारण कॉपी हा शब्द मला खरंच लागला. क्रम असा आहे: आधी १९६६ मध्ये स्मोकी रॉबिन्सन आणि मिरॅकल्सनी रेकॉर्ड केलं, मग १९६७ च्या सुरुवातीला मार्विनने, आणि मोटाउनचा मालक बेरी गॉर्डीने मार्विनचं बाजूला ठेवलं. मग मोटाउनचा प्रोड्युसर नॉर्मन व्हिटफिल्डने तेच गाणं ग्लॅडिसला दिलं आणि चाल तीच ठेवून सगळा नूर बदलला, कारण त्याला 'रिस्पेक्ट'वर वरताण करायची होती. म्हणून ते इतकं उसळतं, ढोलकं, तंबोरीन, मागे तिच्या साथीच्या पिप्सची उत्तरं, आणि ग्लॅडिसचा आवाज चर्चमधून थेट आलेला. मार्विनचं लोकांपर्यंत आलं १९६८ च्या शेवटी. ते थोर आहेच, पण १९६७ मध्ये ते कोणी ऐकलेलंच नव्हतं, मग कॉपी कोणाची? अरिथाचं मे महिन्यातलं गाणं आणि ग्लॅडिसचं डिसेंबरातलं गाणं एकमेकांना उत्तर देतायत, आणि ते दिसतं ते याच यादीत.

जेम्स ब्राउनच्या 'कोल्ड स्वेट'वर मी कमी लिहिलं असं अजून एकांनी म्हटलंय, ते गाणं सुटं लिहिण्यासारखंच आहे. ब्राउनच्या बँडमधल्या पी वी एलिसने त्यातली ब्रासची (ट्रम्पेट-सॅक्सोफोनची) ओळ जॅझवाल्या माइल्स डेव्हिसवरून उचलली, गाणं सुरांवर चालतच नाही, ठेक्यावर चालतं, आणि मध्ये सगळे थांबून ड्रमर क्लाइड स्टबलफील्ड एकटा वाजवतो ती जागा पुढे हिपहॉपवाल्यांनी किती वापरली. सिंगलच्या दोन बाजूंवर तोडून टाकलं होतं ते, शक्यतो पूर्ण ऐका.

राहिला ओटिस. १९६७ मध्ये त्याचं एकही गाणं पहिलं नाही म्हणून त्या पोस्टमध्ये तो नाही, एवढंच. तो १० डिसेंबरला विमान अपघातात गेला, 'डॉक ऑफ द बे' त्याच्या काही दिवस आधी रेकॉर्ड केलेलं, जानेवारीत बाजारात आलं आणि दोन्ही याद्यांत पहिलं आलं. म्हणून १९६८ ची पोस्ट मी त्याच्यापासूनच सुरू करणार आहे, तिथे तुमची कमेंट नक्की येऊ द्या.